डावी बाजू

थोरलीला मुलगी झाली, त्या वर्षीची गोष्ट. मुलगी दीड महिन्याची होती. भर दुपारी ती आतल्या खोलीत झोपली होती आणि बाहेरच्या खोलीत धाकटी कानांवर हेडफोन चढवून भांडत होती.

भांडण कप्तानाशी होतं. त्याला तिने समोरासमोर कधी पाहिलेलं नव्हतं. बंदुकांचा खेळ, पाच गावांतल्या पाच जणांचा संघ, पलीकडेही तसेच पाच. भिंतीआडून येणाऱ्याची पावलं ज्याला आधी ऐकू येतात, तो वाचतो. रविवारी निवडीचा सामना होता आणि कप्तानाला तिच्या जागी दुसरा घ्यायचा होता. खेळात तिचं नाव घार होतं.

"घार, डावीकडून येणारा प्रत्येक जण तुला मारून जातो. सकाळपासून सहा वेळा. तुझी आवाजाची सेटिंग दाखव बघू."

तिने स्क्रीन दाखवली.

"मोनो? अगं, मोनो लावून कोण खेळतं?"

"आजोबांच्या रेडिओवर खेळतेय ती," संघातला बोका म्हणाला. बाकीचे हसले.

मोनो लावलं की दोन्ही बाजूंचे आवाज एक होतात आणि दोन्ही कानांत सारखेच पडतात. पावलं ऐकू येतात, कुठून ते कळत नाही. ती आधी उजवीकडे बघायची, मग डावीकडे. तेवढ्यात गोळी लागायची.

"बंद कर ते. संगीत शून्यावर आण, पावलांचा आवाज वाढव. चल, एक डाव."

तिने तसं केलं. उजवीकडची पावलं स्वच्छ ऐकू आली. डावीकडे काहीच नव्हतं. चौदा सेकंदांत ती मेली.

"डावा बंद आहे तुझा. पिन काढून फुंकर मार."

"मारली."

"वायर हलव. आणि मला एक सांग, ह्या वर्षात तिसरा हेडफोन हा. तिन्हींचा डावाच कसा जातो गं?"

"मला काय विचारतोस? बनवणाऱ्याला विचार!" ती ओरडली. "बघते म्हटलं ना!"

वडील मागे येऊन उभे राहिले होते. ते पत्र्याच्या कारखान्यात वेल्डर होते, पहिली पाळी करून नुकतेच आले होते. पोर झोपलंय, हळू बोल, असं त्यांनी दोनदा सांगितलं. तिसऱ्यांदा सांगितलं नाही. हेडफोन तिच्या डोक्यावरून ओढून काढला.

"कानाखाली आवाज काढू का?"

हे ते सगळ्यांनाच म्हणत. पंखा अडला तर पंख्याला, भाजीवाल्याने वजनात मारलं तर भाजीवाल्याला. घरात त्याचं कोणाला काही वाटत नसे. थोरली तर त्यांची नक्कल करून हसवायची.

धाकटी खुर्चीवरून उठली.

"काढा. पण ह्या बाजूला काढा," तिने उजवा गाल पुढे केला. "त्या बाजूचा काढून झालाय."

आई दूध गरम करता करता दारात आली. "अगं, काय बोलतेस? तुझा कान तापात गेला. नऊ वर्षांची होतीस तू."

"ताप चढला होता खरा, आई. पण मला नाही. ह्यांना."

तेरा वर्षं आई ही तापाची गोष्ट सांगत आली होती. शाळेतल्या बाईंना, कानाच्या डॉक्टरांना, थोरलीच्या सासरच्यांना. वडील शेजारी बसलेले असले तर आकडाही पुरवत. एकशे चार.

आतल्या खोलीत मुलगी रडायला लागली.

"एवढ्या जोरात मारलंच नव्हतं मी," वडील म्हणाले.

आईने त्यांच्याकडे पाहिलं. मारलं हा शब्द त्या घरात ह्या गोष्टीसाठी आजवर कोणी वापरला नव्हता. तो त्यांनी स्वतःच वापरला होता आणि आता त्यांच्याही ते लक्षात आलं. आत दूध उतू जाऊन शेगडी विझल्याचा आवाज झाला. आई हलली नाही.

हेडफोन वडिलांच्या हातात लोंबत होता. त्यातून बारीक आवाज येत होता. "घार? अगं, आहेस ना?"

तिने तो त्यांच्या हातातून हिसकावून घेतला आणि माईक तोंडाशी धरला.

"ऐका सगळे. हेडफोन तिन्ही चांगले होते. मीच खोटं बोलत होते. मला डाव्या कानाने ऐकू येत नाही आणि पुढेही येणार नाही. मोनो चालू राहील. डावीकडे कोणीतरी उभं राहा, नाहीतर दुसरा शोधा."

मग कप्तानाने घसा साफ केला.

"बोक्या, तू डावीकडे."

"आलो," बोका म्हणाला. ह्या वेळी कोणी हसलं नाही.

ती खुर्चीत बसली, मोनो परत चालू केलं आणि खेळायला लागली. वडील थोडा वेळ तिच्या पाठीमागे उभे होते. नंतर नव्हते.

त्या दिवसापासून दोघांचं बोलणं आईमार्फत चाले. एकाच खोलीत, एकाच टेबलाशी.

"तिला म्हणावं, जेवून घे."

"त्यांना म्हणावं, ऐकलं मी."

वडील त्याच वर्षी नोव्हेंबरच्या एकोणीस तारखेला सकाळी वारले.