चौथा नमुना

पृथ्वी थंड राहावी म्हणून आभाळात पांढरी पूड फवारली, तेव्हापासून ऊन तापेना आणि गरम हवा वर चढेना. बिनइंजिनाच्या ग्लायडरना तर तिचाच आधार. आता स्पर्धा उरली ती हळूहळू पडण्याची. सर्वांत शेवटी जो जमिनीला टेकेल, तो जिंकला.

सुनेत्राच्या फायबरग्लासच्या ग्लायडरचा हा चौथा नमुना. दर नमुन्यात तिने पंख लांबवले होते. याहून लांबवले असते तर मोडलेच असते.

"आज हरलो तर कारखान्याला कुलूप," ती सकाळीच दिगंबरला म्हणाली होती. "तू फक्त सरळ जा. वळलास की उंची गेली."

तो सरळच गेला. बाकीचे एकेक करून उतरले, वर तो आणि आणखी एकच स्पर्धक उरला. तेवढ्यात खाली सुनेत्राच्या रेडिओवर दिगंबरचा आवाज आला, तरुणपणी असायचा तसा.

"सुनेत्रा, घार! घिरट्या घालतेय बघ!"

घार घिरट्या घालते तिथे हवा वर चढते, हे ती आणि दिगंबर एकाच गुरूकडे शिकले होते.

"दिगू, वळू नकोस!"

पांढरे पंख तोवर कलले होते. तिने दुर्बीण डोळ्यांना लावली. घारीच्या मागोमाग ग्लायडर गोल फिरत होतं आणि प्रत्येक फेरीला खाली येत होतं.

घारही खालीच येत होती.