मुकूच्या पायऱ्या

विद्यापीठाचं संशोधन ग्रंथालय उभं राहिलं ते एका शाळामास्तरणीने दिलेल्या जागेवर. तिचा एकुलता एक मुलगा त्याच विद्यापीठात संशोधन करत होता. प्रबंध पुरा व्हायच्या आतच तो अपघातात गेला. इमारतीला त्याचं लांबलचक नाव दिलं गेलं, पण एवढं नाव घ्यायला पोरांना सवड कुठली? वर्षभरात त्यांनी त्याचं 'मुकू' करून टाकलं. आई घरी त्याला मुकूच म्हणायची, हे त्यांच्या गावीही नव्हतं.

मग बाई रोज संध्याकाळी ग्रंथालयाच्या पायऱ्यांवर येऊन बसू लागल्या.

"मुकूत आहेस का?"

"मुकूजवळ थांब, आलेच!"

ऐकून त्यांचा जीव सुपाएवढा व्हायचा.

म्हातारपणी त्यांना ते दिवसही बघावे लागले. भिंतींना तडे गेले आणि इमारत पाडायचं ठरलं. सांगायला ग्रंथपाल स्वतः बाहेर आले.

"बाई, नव्या इमारतीत तुमच्या मुलाच्या नावाचं दालन ठेवलंय."

"दालनाला हाक कोण मारणार हो?"



दाराला कुलूप लागलं त्या दिवशी, तिथेच अभ्यास करून वर्षं काढलेली एक मुलगी पायरीवर बसून फोनवर हुंदके देत होती. "आई, मुकू गेला गं!"

बाई सरकत सरकत तिच्याजवळ गेल्या आणि तिला कुशीत घेतलं.

"रड पोरी, रड. मागच्या वेळी माझ्याबरोबर रडायला कोणी नव्हतं."