शेवटाला कात्री
“शेवटाला कुणालाही हात लावू देऊ नकोस,” दिग्दर्शक दादांनी तिला पहिल्याच चित्रपटाच्या वेळी बजावलं होतं. निर्माती म्हणून ती त्यासाठी दहा वर्षं स्टुडिओवाल्यांशी भांडली. आता ती स्वतःच स्टुडिओची प्रमुख होती आणि समोर दादा बसले होते, त्यांच्या नव्या सिनेमासाठी. तिनं चाचणी खेळाला आलेल्या प्रेक्षकांची कार्डं पुढे सरकवली. बहुतेकांनी लिहिलं होतं, ‘म्हातारी शेवटी घरी परतायला हवी.’ “मला स्वतःला शेवट फार आवडला, दादा, पण मालकांना...” दादा खदखदून हसले. “अगं, हे वाक्य आपण किती केबिनींत ऐकलं! बाहेर येऊन नक्कल करायचीस तू.” ती कार्डांच्या कडा जुळवत राहिली. “नाहीतर सिनेमा डब्यात जाईल.” “मग काप. पण संकलकाला कापायला सांगू नकोस. स्वतः बसून काप. कापशील?” “कापीन.” पुढची मीटिंग रद्द करून ती संकलनाच्या खोलीकडे निघाली.