गाळलेलं नाव

"अजून किती?" तारयेनं तिसऱ्यांदा विचारलं.

"दोन बक्षिसं. मग आपल्या सिग्नेचा नंबर," ओस्ने म्हणाली. "आणि जरा हळू बोल. पुढचे लोक वळून बघतायत."

"बघू देत. आणि आपली बिपली म्हणू नकोस तिला."

ओस्नेनं उसासा सोडला. बेचाळीस वर्षांच्या संसारात नवऱ्याचं हे फुगलेलं तोंड तिनं पुष्कळदा पाहिलं होतं, पण सहा आठवडे म्हणजे अतीच झालं.

ऑस्लोच्या त्या सभागृहात देशभरचे गाणारे-वाजवणारे नटूनथटून बसले होते. नाव पुकारलं की वर जायचं, पितळी बाहुली घ्यायची आणि तीस सेकंदांत आभार उरकायचे. समोरच्या पडद्यावर आकडे उलटे पळत, शून्य आलं की वाद्यवृंद वाजू लागे आणि माइक बंद. एकानं आपल्या कुत्र्याचे आभार मानले. एकीनं केस कापणाऱ्याचे.

"ज्यानं शिकवलं त्याचं नाव घेईल तर शपथ," तारये पुटपुटला.

"तूच म्हणालास ना तिला, घेऊ नको म्हणून?"

म्हणाला होता खरा. तेलेमार्कमधल्या त्यांच्या खोऱ्यात फिडलवर धून वाजवण्याआधी ती कुणाकडून आली ते सांगावं लागतं. मी अमक्याकडून घेतली, त्यानं तमकीकडून, असं पार शेवटपर्यंत. एक नाव चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. सिग्ने तारयेच्या स्वयंपाकघरात अकरा वर्षं शिकली. हात बसायच्या आधी तिला ही सगळी नावं पाठ झाली होती. आणि आज कार्यक्रमपत्रिकेत चक्क छापलं होतं, 'तुटक्या पुलाची धून. रचना: सिग्ने.' अर्ज भरला रेकॉर्ड कंपनीनं. रचनाकाराचा रकाना म्हणे रिकामा सोडता येत नाही, आणि धून कुणाकडून आली असा रकानाच नाही. सिग्नेला कळलं तेव्हा नामांकनं जाहीर झाली होती. तिनं रडवेल्या आवाजात फोन केला, तर तारये एवढंच म्हणाला, "चोरटीच्या तोंडी माझं नाव नको." आणि फोन ठेवून दिला. तरी तिनं दोन पास पाठवलेच.

चमचमत्या कोटातल्या निवेदकानं पाकीट फोडलं. सर्वोत्कृष्ट रचना, सिग्ने.

ती वर गेली. गरम पातेलं धरावं तशी तिनं बाहुली अंगापासून लांब धरली.

"ही धून माझी नाही," ती म्हणाली. लोक हसले. त्यांना तो विनय वाटला. "खरंच नाही. कागदावर माझं नाव पडलंय ते चुकीचं आहे. मी ते वेळेवर खोडून घ्यायला हवं होतं, घेतलं नाही."

तारये खुर्चीत पुढे सरकला. पडद्यावर आकडा अठरा.

"ही धून बिर्गितची. बिर्गितनं ती ग्रोकडून घेतली. ग्रोनं आपल्या बापाकडून, गिरणीवाल्या हाल्वरकडून. हाल्वरनं..."

तारये गुडघ्यावर एकेका नावाला एकेक बोट मिटत होता. पहिलं बोट तसंच उभं राहिलं होतं.

"बिर्गितआत्या गेली तेव्हा ही जन्मलीसुद्धा नव्हती," तो म्हणाला. "बिर्गितपासून हिच्यापर्यंत धून काय उडत आली?"

"तू सांगितलंस तसंच करतेय ती."

"मी चिडून बोललो. म्हणून काय मधला माणूस काढून टाकायचा?"

शून्य आलं. वाद्यवृंद सुरू झाला, माइक बंद पडला, निवेदकानं हसतमुखानं सिग्नेचं कोपर धरलं. तिचे ओठ अजून हलत होते. तारये उठला. त्याच्या मागे खुर्ची धाडकन मिटली. पलीकडच्या डोंगरावरच्या शेळ्यांना हाका मारून तयार झालेला त्याचा आवाज.

"थांब. एक नाव राहिलं."

आधी बासरी थांबली, मग बाकीचे. सिग्नेनं दिव्यांच्या झोतापुढे हात धरून खाली पाहिलं.

"कुणाचं, काका?"

"तुला चांगलं माहीत आहे."

"माहीत आहे. पण मला ते घ्यायची बंदी आहे."

सगळं सभागृह वळून बघू लागलं. खोऱ्यात आपलं नाव आपण कधीच घ्यायचं नसतं, ते आपल्यामागून येणाऱ्यानं घ्यायचं असतं. त्यानं बायकोकडे पाहिलं. ओस्ने छातीवरच्या चांदीच्या बिल्ल्याशी चाळा करत बसली होती. ती काही मदतीला येणार नव्हती.

"तारये नूरबो," तो एकदाचा म्हणाला. "झालं समाधान? घाल आता मधे."

"असं मधे घालता येत नाही, काका," सिग्ने म्हणाली. "तुम्हीच शिकवलंय."

तिनं बाहुली पायाशी ठेवली, कोपर सोडवून घेतलं आणि पहिल्यापासून सुरुवात केली.