भरमूच्या दाखल्याची कथा

"जानवं काढ आदी," यमनाप्पा म्हणाला. "कचेरीत सदऱ्यातनं दिसलं तर झालं कल्याण!"

भरमूनं जानवं काढून खुंटीला अडकवलं. चार वर्षांपूर्वी, चौतीस साली, बेळगावच्या विणकर गल्लीत घरोघर मुंजी लागल्या होत्या. त्यात यमनाप्पा सगळ्यांच्या पुढं. हौसेला मोल नसतं.

आता गरज वेगळी होती. डॉक्टरीच्या सरकारी शाळेत मागासवर्गासाठी एकच जागा राखून ठेवली होती. भरमू मॅट्रिक झाला होता. मागासपणाचा दाखला मिळाला तर ती जागा त्याची, नाही तर मागाचा खड्डा. त्या ओल्या खड्ड्यात पाय सोडून बसता बसता यमनाप्पाची छाती पार कामातून गेली होती. पोरानं तिथं उतरू नये, एवढंच त्याला हवं होतं.

वाटेत केशव मास्तर भेटले. भरमूला इंग्रजी त्यांनीच शिकवलं. त्यांच्या मुलाला, शरदला, भरमूपेक्षा अठ्ठावीस मार्क जास्त होते, तरी त्याचं नाव कुठंच लागलं नव्हतं.

"दाखल्याला निघालात?"

"व्हय, मास्तर."

"घ्या. पण माझ्या शरदचं काय चुकलं, ते कुणी सांगत नाही."

"आमच्या बापजाद्यांचं काय चुकलं हुतं, त्ये तरी कुनी सांगितलं?"

भरमूच्या पाठीवर हात ठेवून मास्तर निघून गेले. यमनाप्पाला तो हात आवडला नाही.

कचेरीत शिरस्तेदारानं जात विचारली, एक दप्तर सोडून पाहिलं आणि अर्ज परत सरकवला.

"तुम्हांला दाखला मिळणार नाही. तुमची जात यंदा मागासांच्या यादीतून निघाली."

"निघाली? कुनी काढली?"

"सरकारनं. तुम्ही मागास नाही, असं लेखी आलं होतं."

यमनाप्पाचं एकदम डोकं फिरलं.

"त्यो मास्तर! पोरगं हिरीत पवताना जानवं बघितलंय त्यानं. सोताच्या पोराला जागा गावली न्हाय, म्हणून माझ्या पोराच्या अन्नात माती कालवली!"

"मास्तराचा काय संबंध? अर्ज तुमच्या गल्लीतून आलाय. पन्नास अंगठे आहेत."

"आमच्या गल्लीतनं? त्याचं तळपट हुईल! दावा त्यो कागद!"

शिरस्तेदारानं कागद फिरवून समोर ठेवला. मजकूर इंग्रजी होता, आणि यमनाप्पाला तर मराठीसुद्धा वाचता येत नव्हतं.

"वाच रं भरमू. कुनी लिवलंय त्ये मला कळू दे. जित्ता सोडत न्हाय त्येला."

भरमूनं पहिली ओळ वाचली. पुढचं न वाचताच तो खाली बसला आणि रडू लागला.

"बोल की रं!"

"आप्पा, 'आमास्नी ब्राम्हन म्हना, येवढंच सरकारला कळीव' म्हणून मुंजीदिवशी तुमीच सांगितलासा. लिवलं मी."