गाडीची वेळ

ताइनानच्या विद्यापीठातली बाग ठेवायची की तिथे पार्किंग करायचं, हे समिती आज ठरवणार होती. झाडांना गाणं कळतं हे समितीला दाखवायला बाग वाढवणाऱ्या प्राध्यापक त्सायबाईंनी त्यांना बासरी ऐकवली, व्हायोलिन ऐकवलं. एक पान हलेल तर शपथ! “जेवून सुस्तावलेली दिसतायत तुमची झाडं,” समितीच्या अध्यक्षीणबाईंनी टोमणा मारला. एवढ्यात कुंपणापलीकडून घंटागाडीचं गाणं ऐकू आलं. ते वाजलं की त्सायबाई रोज बागेतले दिवे लावून कचऱ्याची पिशवी घेऊन पळत. आज दिव्यांना कोणी हातही लावला नव्हता, तरी सगळी पानं अलगद दिव्यांकडे वळली. “अगं बाई! गाण्यावरूनच उजेडाची वाट बघतायत ही!” त्सायबाईंनी आनंदानं समितीकडे पाहिलं. बाकीचे झाडांकडे बघत होते. अध्यक्षीणबाई मात्र गाणं ऐकून रोजच्या सवयीनं उठून उभ्या, हातात कोपऱ्यातली कचऱ्याची पिशवी. क्षणभर त्या ओशाळल्या. “राहू दे तुमची बाग! सरका, गाडी निघून जाईल!”