आपली झारी

शनिवारी सकाळी अकरा वाजता ग्योर्लिट्झच्या खालच्या चौकातून जुन्या शहराची पायी सहल निघाली. वाटाड्या कोर्नेलिया हेंचेल तिकिटं तपासत होती. शेवटचं तिकीट तिच्या सख्ख्या भावाने पुढे केलं.

"कोनी, तू फोन उचलत नाहीस."

"तुमचं तिकीट बरोबर आहे, साहेब," ती म्हणाली. "गटासोबत राहा. फरसबंदीवर पाय घसरतो."

"साहेब? अगं, मी श्टुटगार्टहून रात्रभर गाडीने आलोय."

"मग पाणी पीत राहा. ऑगस्ट आहे."

केम्निट्झहून आलेल्या दोन म्हाताऱ्या बहिणी एकमेकींकडे बघून हसल्या. तिचा भाऊ, फाल्क, मागे जाऊन उभा राहिला.

भांडण आईच्या कबरीचं होतं. जर्मनीत कबरीची जागा पंचवीस वर्षांसाठी मिळते. मुदत वाढवली नाही, तर दगड काढून जमीन सपाट करतात आणि वर गवत पेरतात. आईची मुदत सोमवारी संपत होती. कोर्नेलियाने कार्यालयाला कळवलं होतं की वाढवायची नाही. मात्र कागदावर दोघांची सही लागत होती, आणि फाल्क ती करायला तयार नव्हता.

कापडबाजाराच्या ओवऱ्या झाल्या, महापालिकेचं घड्याळ झालं. कोर्नेलिया नेहमीची वाक्यं नेहमीच्या जागी बोलत गेली. मग गट कुजबुजत्या कमानीपाशी आला. एका जुन्या घराच्या दाराची ही दगडी कमान. तिच्या कडेला बोटभर खोल खाच आहे. एका पायथ्याशी तोंड लावून हळूच बोललं, की आवाज खाचेतून चढून पलीकडच्या पायथ्याशी उतरतो. मध्ये उभ्या असलेल्याला काही ऐकू येत नाही.

"दोन माणसं लागतील," ती म्हणाली.

फाल्क आधीच डावीकडे जाऊन दगडाला तोंड लावून उभा होता.

"आता तुम्हीच ऐका बाई," थोरली म्हातारी म्हणाली. "बघू तरी, काय एवढं सांगायचंय त्यांना!"

सगळे बघत होते. कोर्नेलियाने उजव्या बाजूला जाऊन कान लावला.

"मुदत वाढवू या. पैसे मी भरतो."

तिने तोंड दगडाकडे वळवलं. "पैशांचं कोण बोलतंय? पाणी कोण घालणार?"

"माळी लावू."

"माळी पेटुनिया लावतो. आईला पेटुनिया बघवत नसे."



"कोनी, तुला तिला अशी सोडवते कशी गं?"

तिने डोळे मिटले. गटातल्या कुणीतरी फोटो काढला.

"पंचवीस वर्षं दर रविवारी जाते मी," ती कुजबुजली. "पाऊस नसला की बुधवारीसुद्धा. तू नोव्हेंबरात येतोस, दिवा लावतोस, शेजारणीला जर्दाळूचा केक खाऊ घालतोस, आणि ती मला वर्षभर सांगते, मुलगा किती हळवा! मला एका रविवारी उशिरापर्यंत झोपायचंय, फाल्क. एवढंच."

ती सरळ उभी राहिली.

"काय म्हणाले?" धाकट्या म्हातारीने विचारलं.

"म्हणाले, हवा छान आहे."

गट हसला. मग एकेक जोडी कमानीला लागली. कुणी बायकोला शिवी दिली, कुणी जेवायला काय आहे ते विचारलं. कोर्नेलिया घड्याळ बघत राहिली. दोन वाजता दुसरा गट होता.

नदीवरच्या पुलापाशी सहल संपली. पलीकडे पोलंड. इथे पुलाच्या मधोमध उभं राहून एक पाय या देशात आणि एक त्या देशात ठेवायची लोकांना फार हौस. तो कार्यक्रम उरकला. टाळ्या पडल्या. फाल्क कुठे दिसला नाही.

"ते साहेब वाटेतल्या चर्चपाशीच मागे फिरले," थोरली म्हातारी म्हणाली. तिने कोर्नेलियाचा हात हातात घेतला. "भाऊ ना तुमचा? कान अगदी तस्सेच आहेत."

कोर्नेलियाने बाकावर बसून पाव खाल्ला. अर्धाच गेला. दोन वाजायला पाच मिनिटं असताना ती चौकात परतली. लोक जमू लागले होते. फोन वाजला. नाव बघून तिने या आठवड्यात पहिल्यांदा तो उचलला.

"मी दफनभूमीत आहे," फाल्क म्हणाला. त्याला धाप लागली होती. "सगळं सुकलंय गं. इथे नळापाशी झाऱ्यांची रांग आहे, एकूण एक साखळीने बांधलेली. आपली कुठली?"

"हिरवी."

"अगं, सगळ्याच हिरव्या आहेत."

"दांड्याला लाल लोकर गुंडाळली आहे. हाताला चटका बसू नये म्हणून."

साखळी खणखणली. "सापडली. कुलपाला आकडे आहेत. कुठले लावू?"

"आईचं जन्मसाल."

साखळी थांबली. पलीकडे कुठेतरी दुसऱ्याच कुणाची तरी झारी नळाखाली भरत होती. कोर्नेलियाने चार आकडे सांगायला तोंड उघडलं आणि मिटलं.

"थांब हं, कोनी," तो म्हणाला. "फोन ठेवू नकोस."

मग खडीवर पावलं वाजायला लागली. तो साल वाचायला आईच्या कबरीच्या दगडाकडे निघाला होता.

महापालिकेच्या घड्याळात दोनचे टोले पडले. नवा गट तिच्याभोवती उभा होता. कोर्नेलियाने मोकळ्या हाताने त्यांना थांबायची खूण केली, आणि पावलं ऐकत राहिली.